नकार कुणाच्या तोंडून

आमच्या इमारतीच्या फाटकावर नवी प्रवेशव्यवस्था बसवायची का, हे ठरवायला पुढच्या महिन्यात सभा आहे. एजन्सीनं दोन प्रस्ताव दिले आहेत. पहिला साध्या इंटरकॉमचा. चौकीदाराच्या खोलीत एक लहान एक्स्चेंज, तिथून प्रत्येक फ्लॅटला तारेची जोडी आणि भिंतीवर टांगलेला फोन. दुसरा मोबाइल ॲपचा. येणाऱ्याचं नाव आणि नंबर चौकीदार फोनमध्ये घालणार, त्याचा फोटो काढणार, मग माझ्या मोबाइलवर विचारणा येणार आणि मी बटण दाबून होय किंवा नाही म्हणणार. कळमेश्वर नागपूरपासून वीसेक किलोमीटरवर आहे. काटोल रस्त्याच्या आणि एमआयडीसीच्या अंगानं इथे आता फ्लॅट उभे राहताहेत, आणि शहरातल्या इमारतींत जे आलं ते आमच्याकडेही येणारच होतं. खर्चाचा हिशेब सगळ्यांनी केला आहे. मला मत द्यायचं आहे, आणि त्याआधी स्वतःच्या मनाला काही विचारायचं आहे.

पहिली गोष्ट भीतीची. ती खरी आहे. यजमान गेल्यापासून मी एकटी राहते. मुलगा आणि सून पुण्याला. मे महिन्यात दुपारी अख्खी इमारत कूलर लावून झोपलेली असते, जिन्यात चिटपाखरू नसतं, आणि अशा वेळी दारावर थाप पडली की छातीत धस्स होतं. दागिने चमकवून देतो म्हणून दारी येणारे आणि सोनं घेऊन पसार होणारे, मीटर तपासायचं आहे म्हणून आत शिरणारे, यांच्या बातम्या पेपरात येतच असतात. फसवल्या गेलेल्या बहुतेक माझ्याच वयाच्या बायका असतात. एकट्या बाईनं कडी न काढता आधी कोण आहे ते विचारावं, यात काही गैर आहे असं मला वाटत नाही.

आमचं जुनं घर गावात होतं, कौलारू. त्याला आधी फाटक, मग आंगण, मग सपरी आणि त्याच्यामागे घराचं दार. फाटकाशी कुणी आलं की आतूनच दिसायचं. "कोण आहे जी?" म्हणून विचारलं की तो माणूस तिथूनच सांगायचा. मग सपरीत यायचा, टेकायचा, पाणी प्यायचा. त्याला पुढे घरात घ्यायचं की नाही हे बोलता बोलता ठरायचं. माणूस पारखायला तिथे जागा होती आणि वेळही होता. फ्लॅटमध्ये ती जागाच गेली. जिना सगळ्यांचा, आणि जिना संपला की एकदम बैठकीची खोली. इंटरकॉम, दारावरचा कॅमेरा, ॲप या वस्तू त्या गेलेल्या आंगणाची भरपाई करू पाहतात, म्हणून त्यांना नुसती चैन म्हणून मोडीत काढणं मला पटत नाही. पण आंगण दोन कामं करायचं. परक्या माणसाला घरापासून थोडं लांब ठेवायचं आणि त्याच वेळी त्याला बसायला जागा द्यायचं. एजन्सीच्या दोन्ही प्रस्तावांत पहिल्या कामाचा पक्का बंदोबस्त आहे. दुसऱ्याबद्दल एक ओळही नाही.

हे लिहिताना हात थांबतो, कारण सपरीपर्यंत सगळेच येत नव्हते. काही माणसं फाटकापाशीच उभी राहायची. त्यांना पाणी वरून ओतून दिलं जायचं. माझ्या लहानपणी हा नियम कुणी बोलून दाखवत नसे. तो मोडेल अशी शंकाच कुणाला नव्हती. मोठी झाल्यावर मी त्याच्याविरुद्ध बोलले, शाळेत शिकवताना मुलांनाही बोलले. तेव्हा आता जुन्या आंगणाचं गुणगान गाऊन नव्या फाटकाला नावं ठेवणं मला शोभणार नाही. विचारायचं ते हे, की तोच नियम नवे कपडे घालून माझ्या मोबाइलमध्ये आला आहे का.

म्हणून मी मनाला दुसरा प्रश्न केला. मला नेमकी कुणाची भीती वाटते? फाटकावर दिवसभरात किती तऱ्हेची माणसं येतात ते डोळ्यांपुढे आणलं. सिलिंडरवाला, दूधवाला, कुरियर, जेवण पोचवणारी पोरं, भांडी-धुण्याला येणाऱ्या बायका, मतदारयादी घेऊन येणाऱ्या शिक्षिका, आशाताई, वर्गणी मागणारी मुलं, नातेवाईक. यातल्या कुणाला फाटकावर अडवलं जातं आणि कुणाला नाही? गाडीतून इस्त्रीच्या कपड्यांत आलेल्या माणसाला चौकीदारकाका विचारत नाहीत, सलाम करून फाटक उघडतात. पाठीवर पिशवी आणि घामानं भिजलेला सदरा असला की रजिस्टर पुढे येतं. काकांना असं वागायला आम्हीच शिकवलं. मी स्वतः काही सांगितलं नाही, पण जिथे सांगायला हवं होतं तिथे बोललेही नाही. आणि एकट्या म्हाताऱ्यांना लुबाडणारे बहुधा नीटनेटके, गोडबोले, हातात फाइल असलेले असतात. म्हणजे माझी भीती धोका पाहून ठरत नाही. ती कपडे, चपला आणि बोली पाहून ठरते. सुरक्षेच्या नावाखाली मी जे मागते आहे, त्यात सुरक्षा किती आणि जुनी सवय किती, याचं उत्तर मला सोयीचं नाही.

धापेवाडा आमच्याच तालुक्यात. चंद्रभागेच्या काठी विठ्ठलाचं देऊळ, कोलबास्वामींचं गाव. लोक त्याला विदर्भाची पंढरी म्हणतात आणि आषाढात तिथे यात्रा भरते. या वर्षी तिथे उभी असताना मला पंढरपूरच्या महाद्वारासमोरची चोखोबांची समाधी आठवली. वर्गात मी चोखोबा अनेकदा शिकवले आहेत. देवळात शिरू न दिलेला भक्त, एवढंच सांगून पुढे जायची. पण परंपरा आणखी एक गोष्ट सांगते, तिच्यापाशी मी कधी थांबले नव्हते. मंगळवेढ्याला गावकुसाची भिंत बांधण्याचं काम चालू होतं, १३३८ साल. ती भिंत कोसळली आणि कामावर असलेले चोखोबा तिच्याखाली गेले. गावकुसाच्या आत ज्यांना राहता येत नव्हतं, त्यांच्याच हातांनी गावकूस बांधलं जात होतं.

आमचे चौकीदारकाका बारा तास फाटकावर असतात. पत्र्याची खोली, एक पंखा, प्लास्टिकची खुर्ची. इमारतीत यायचं ते पाण्याची मोटर सुरू करायला किंवा कुणाचं सामान चढवायला. त्यांचा स्वतःचा भाऊ भेटायला आला तर तो फाटकाबाहेर उभा राहूनच बोलतो. एकदा मी त्यांना म्हटलं, काका, त्या पोराला एवढा वेळ उन्हात काहून उभं केलं? ते म्हणाले, "ताई, मी काहून उभं करीन? वरून उत्तर येत नाही तं मी का करू?" खरंच होतं. अडवणारा हात त्यांचा, रागाचे बोल ऐकणारे कान त्यांचे आणि अडवायचं कुणाला हे ठरवणारे आम्ही, कूलरच्या गार वाऱ्यात. महाराष्ट्रात खाजगी सुरक्षारक्षकांच्या नोकरीसाठी आणि कल्याणासाठी १९८१ चा कायदा आहे. चाळीस वर्षांहून जुना. आमच्या सभेत मात्र चौकीदाराचा विषय निघतो तो रात्री ते झोपले होते का एवढ्यापुरताच.

दोन प्रस्तावांतला फरक मला या ठिकाणी कळायला लागला. आधी वाटलं होतं की एक जुना आणि एक नवा, एवढंच. एजन्सीचा तंत्रज्ञ भला माणूस होता. त्यानं सगळं उघडून दाखवलं. तारेच्या इंटरकॉमवर काका माझ्या फ्लॅटचा नंबर फिरवतात, मी फोन उचलते, फाटकावरच्या माणसाचा आवाज मला ऐकू येतो आणि माझा त्याला. मी नाही म्हटलं तर ते नाही माझ्या आवाजात जातं. त्याला विचारता येतं, काहून नाही? मला उत्तर द्यावं लागतं. बोलणं संपलं की त्याचं काही मागे उरत नाही. ॲपमध्ये माझ्यापुढे एक चेहरा येतो, खाली दोन-तीन पर्याय: आत सोडा, नकार, वस्तू फाटकावर ठेवा. मी बोट टेकवते. माझा नकार काकांच्या फोनवर लाल अक्षरांत उमटतो आणि तोंडानं तो काका सांगतात. ज्याला नकार मिळाला त्याला मी दिसत नाही, ऐकू येत नाही, कदाचित माझं नावही कळत नाही.

हे सोपं आहे, आणि मला ते आवडलं. तंत्रज्ञानं दाखवलं तेव्हा माझ्या मनात पहिला विचार आला तो सुटकेचा. आता कुणाला तोंडावर नाही म्हणायला नको. वर्गणीवाले, विमावाले, दूरच्या नात्यातला पैसे मागणारा, सगळ्यांना एका बोटानं परत पाठवता येईल. ती सुटका मी बरीच न्याहाळली. सुटका कशापासून? धोक्यापासून तर नव्हे. विमा विकणाऱ्या पोराचा मला काय धोका? मला नको होता तो त्याचा पडलेला चेहरा. माझ्या नकाराचं ओझं मला दुसऱ्याच्या खांद्यावर ठेवायचं होतं, आणि तो खांदा अशा माणसाचा ज्याला ते नको म्हणायचीही सोय नाही.

१९३० च्या मार्चमध्ये बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली नाशिकच्या काळाराम मंदिरासमोर सत्याग्रह सुरू झाला. पुढे काही वर्षं तो चालला. दारं बंद करणाऱ्यांनी ती उघड्यावर बंद केली; कुणी केली हे साऱ्या देशाला दिसत होतं. १९४७ च्या मे महिन्यात साने गुरुजी पंढरपूरला दहा दिवस उपाशी राहिले तेव्हाही समोर माणसं होती, त्यांचं मन वळवता येत होतं, आणि अखेर ते वळलं. माझ्या फाटकाची आणि त्या दारांची बरोबरी करायचा माझा विचार नाही. ते दुःख फार मोठं आहे, त्याचा वापर मी माझ्या छोट्या प्रश्नाला वजन आणण्यासाठी करू नये. मला त्यातून एवढंच घ्यायचं आहे की बंद दाराशी झगडायला दार लावणारा माणूस दिसावा लागतो. तो दिसेनासा झाला तर बाहेरच्यानं दाद कुणाकडे मागायची?

कायद्यात शोधलं. राज्यघटनेच्या १५ व्या कलमात दुकानं, उपाहारगृहं, विहिरी, तलाव, रस्ते यांची नावं आहेत. तिथे धर्म, जात, लिंग, जन्मस्थान यांवरून कुणाला अडवता येत नाही. १७ व्या कलमानं अस्पृश्यता संपवली. जातीवरून कुणाला अडवलं तर कायदा आहेच. पण खाजगी इमारतीच्या फाटकावर एखाद्याला त्याच्या कामावरून, मळक्या कपड्यांवरून, पिशवीवरून ताटकळत ठेवलं तर त्याला हात लावणारं कलम मला सापडलं नाही. सापडायला हवं असंही नाही. प्रत्येक घरात कायदा शिरावा असं मला वाटत नाही. कायदा जिथे थांबतो तिथून पुढे माणसाला स्वतःशीच निवाडा करावा लागतो, आणि मी तो करायला बसले आहे ते म्हणूनच.

आमच्या इमारतीत कामाला येणाऱ्या बायकांचा प्रश्न मला सगळ्यात जास्त छळतो. त्या परक्या नाहीत. आमच्या घरांच्या किल्ल्या त्यांच्याकडे असतात, आजारपणात आमचं डोकं त्या दाबून देतात. अशा ॲपमध्ये त्यांच्यासाठी वेगळा भाग असतो: प्रत्येकीला एक आकड्यांचा कोड, तो टाकून आत यायचं, त्याबरोबर ती आल्याची सूचना घराघरांत, महिन्याची हजेरी आपोआप, आणि तिच्या कामाला गुण द्यायची सोय. सभेत एकजण म्हणाले, बरं झालं, खाडे मोजायला नकोत. कुणी हे विचारलं नाही की आपण तिला गुण देणार तर ती आपल्याला देणार का? पगार दहा तारखेनंतर देणाऱ्या घराची नोंद कुठे होईल? सणाच्या दिवशी सुट्टी नाकारणाऱ्या घरापुढे कोणता शेरा येईल? सगळी नजर एकाच दिशेनं वळलेली आहे. मीही त्या सभेत होते आणि हे मला घरी आल्यावर सुचलं.

या गोष्टींचा विचार नागपुरात फार आधी झाला, याचा मला अभिमान आहे असं मी लोकांना सांगत असते. डॉ. रूपा कुलकर्णी यांनी इथे विदर्भ मोलकरीण संघटना उभी केली, झोपडपट्ट्यांतून बायका एकत्र केल्या, मोर्चे काढले. घरकाम हे काम आहे आणि ते करणारी कामगार आहे, ही साधी गोष्ट मान्य व्हायला बरीच वर्षं गेली. २००८ साली महाराष्ट्रात घरकामगार कल्याण मंडळाचा कायदा झाला. तो अभिमान फुकाचा ठरू नये असं वाटत असेल तर माझ्याच फाटकावर त्या बाईच्या चेहऱ्याचा फोटो, तिचा नंबर, तिच्या येण्याजाण्याच्या वेळा कुठल्यातरी कंपनीच्या साठ्यात जाताना मी तिला एकदा तरी विचारलं पाहिजे. आमच्यात कुणी विचारलं नाही. तिनं नाही म्हटलं तर तिचं काम जाईल हे आम्हाला ठाऊक आहे आणि तिलाही. अशा जागी मिळालेल्या होकाराला किती किंमत द्यायची?

२०१७ च्या ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी पुट्टस्वामी खटल्यात एकमतानं सांगितलं की खाजगीपण हा मूलभूत हक्क आहे. २०२३ साली वैयक्तिक विदेच्या संरक्षणाचा कायदा झाला, नोव्हेंबर २०२५ मध्ये त्याचे नियम आले, आणि त्यातली मुख्य बंधनं लागू व्हायला अठरा महिन्यांची मुदत दिली गेली. माहिती कशासाठी घेतो ते सांगा, संमती घ्या, काम झालं की पुसा, असा त्याचा सारांश. हा हक्क माझ्या एकटीचा नाही, भांडी घासणाऱ्या बाईचाही आहे, फाटकावर हेल्मेट काढायला लावून ज्याचा फोटो काढला त्या पोराचाही आहे. अमेरिकेत दारघंटीचे कॅमेरे विकणाऱ्या रिंग या कंपनीवर २०२३ साली तिथल्या सरकारी आयोगानं आरोप ठेवला की तिच्या माणसांनी ग्राहकांच्या घरातली खाजगी चित्रणं पाहिली. कंपनीनं ५८ लाख डॉलर देऊन प्रकरण मिटवलं. तिथे निदान ज्यांचं चित्रण झालं ते स्वतः पैसे देणारे ग्राहक होते. आमच्या फाटकावर ज्याचा फोटो निघेल तो ग्राहकही नाही. त्याची तक्रार घेऊन कोण जाईल?

मुलाशी बोलले. तो म्हणाला, आई, ॲपच घे. तू फोन उचलत नाहीस तेव्हा मी इथून पाहीन कोण आलंय आणि मीच ठरवीन. त्याच्या आवाजात काळजी होती, आणि ती मला हवी आहे. पण फोन ठेवल्यावर मनात आलं की सातशे किलोमीटरवरून माझं दार उघडणारा माझा मुलगा फाटकावर उभ्या माणसाला ओळखणार कसा? या गावात मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवलं. फाटकावर येणाऱ्या पोरांत माझे विद्यार्थी निघतात. कुणी एमआयडीसीत पाळीला जातो, कुणी सुट्टीच्या दिवशी पार्सलं पोचवतो, कुणी संत्र्याच्या बागेतून आंबिया बहाराची पेटी घेऊन येतो. "बाई, मी आहे," असं फाटकातून म्हणतो, आणि आवाजावरून मला चौथ्या रांगेतला मुलगा आठवतो. मुलाच्या फोनवर तो एक अनोळखी तरुण असेल, आणि काळजीपोटी मुलगा त्याला नकार देईल. माझी ओळख इथल्या माणसांशी आहे. तिच्यावरचा हक्क मी माझ्या सुरक्षेसाठी पुण्याला पाठवणार का? अजून मी पूर्ण हातीपायी धड आहे. उद्या नसेन तेव्हा कदाचित पाठवीनही. आज पाठवणं म्हणजे म्हातारपणाच्या आधीच दाराचा ताबा सोडणं.

दसऱ्याला आमच्याकडे सोनं द्यायला माणसं घरोघर जातात. कुणी आधी कळवून येत नाही. आपट्याची पानं हातात, मोठ्यांच्या पाया पडायचं, लहानांना जवळ घ्यायचं आणि पुढच्या घरी. ज्याच्याशी वर्षभर अबोला असतो तोही त्या दिवशी दारात येऊ शकतो, हीच त्या दिवसाची ताकद आहे. भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत भुलाबाईच्या पोरी घराघरांत गाणी म्हणत फिरायच्या, शेवटी डबा वाजवून खिरापत ओळखायला लावायच्या. अलीकडे त्या फारशा दिसत नाहीत; त्याला कारणं पुष्कळ आहेत, सगळा दोष फाटकांचा नाही. पण ज्या पोरींना आठ घरांतून आठ परवानग्या मिळवायच्या आहेत त्या नवव्या घरी जाणार नाहीत, हेही खरं. जे नातं अवचित येण्यावरच जगतं, ते विचारणेच्या बटणापाशी टिकत नाही. इंटरकॉमवरही त्याला थोडी खीळ बसेल, हे मला मान्य केलं पाहिजे. माझ्या मताचा प्रस्ताव निर्दोष आहे असं दाखवायचा मोह मला होतो आहे.

तंत्रज्ञानं आणखी एक गोष्ट दाखवली आणि ती मला फार मोलाची वाटली. मुख्य दाराला विजेच्या चुंबकाचं कुलूप बसतं. बारा व्होल्टवर चालतं, दोन-अडीचशे किलोची ओढ सहज धरतं. या कुलपाचा गुण असा की वीज गेली की चुंबक सुटतो आणि दार उघडतं. दुसऱ्या जातीचं कुलूप वीज गेली तरी बंदच राहतं. आमच्यातल्या काहींना दुसरं हवं होतं, कारण वीज गेली की चोर शिरतील. तंत्रज्ञ म्हणाला, आग लागली आणि जिन्यात धूर भरला तर? बाहेर पडायचं दार आतून किल्लीशिवाय उघडलंच पाहिजे, हा राष्ट्रीय बांधकाम संहितेतला नियम आहे. चुंबकाला बॅटरी जोडली तर आतल्या बाजूला सुटकेची हिरवी पेटीही हवी, तिची काच फोडली की दार सुटलं पाहिजे. मला हे ऐकून हायसं वाटलं. कुलूप बनवणाऱ्यांनीही आधी ठरवून ठेवलं आहे की संकटात दार कुणाच्या बाजूनं असावं. आमच्या सभेनं तेवढंही ठरवलेलं नाही.

आणि ऊन. नागपूरकडचा मे महिना ज्यानं अंगावर घेतला आहे त्याला सांगायला नको. पारा पंचेचाळिसाच्या वर जातो, फाटकाच्या लोखंडाला हात लावता येत नाही. माझ्या मोबाइलवर विचारणा येते तेव्हा मी पोळ्या लाटत असते, देवपूजेला बसलेली असते, कधी झोपलेली असते. माझ्यासाठी ती दोन मिनिटं. फाटकावरच्यासाठी ती उन्हातली दोन मिनिटं, आणि असली दोन मिनिटं त्याला दिवसभरात कितीतरी फाटकांवर काढायची असतात. त्याच्या वेळेचे पैसे कापले जातात, माझ्या उशिराचे नाहीत. आंगण गेलं तसं टेकायची जागा गेली, हे मी वर लिहिलं. ती जागा परत करायला मोठा खर्च नाही: फाटकाशी पत्र्याचं नाही तर कवेलूंचं छप्पर, एक सिमेंटचं बाकडं, उन्हाळ्यात रांजण, आणि तळमजल्यावरचं स्वच्छतागृह उघडं. या शेवटच्या गोष्टीवर सभेत आवाज चढतील हे मला आताच ऐकू येतं आहे. तळमजल्यावरच्या त्या खोलीला कुलूप आहे आणि किल्ली सचिवांकडे असते. चार-पाच घरची कामं करणाऱ्या बायका सकाळपासून दुपारपर्यंत कुठे जातात, हे आमच्यापैकी कुणी त्यांना विचारलेलं नाही. बाई असून मीही विचारलं नव्हतं.

तर मी तारेच्या इंटरकॉमच्या बाजूनं मत देणार आहे. त्यात नकार माझ्या तोंडून जाईल म्हणून. ॲपला बहुमत मिळालं तर रोज कामाला येणाऱ्यांचे फोटो आणि गुण नकोत, पाहुण्यांची माहिती ठराविक दिवसांनी पुसली जावी आणि पुसली हे कुणीतरी तपासावं, एवढं लिहून मागेन. नोकरी करणाऱ्या जोडप्यांना ॲप का हवं ते मला कळतं. ते दिवसभर घरी नसतात, त्यांच्या घरी फोन उचलायला कुणी नाही. त्यांच्याशी भांडण्यात अर्थ नाही. रात्रीचं काय करावं हे मात्र मला सुटलेलं नाही. रात्री अकराला फाटकावर अनोळखी पुरुष असताना मी त्याच्याशी बोलूनच नाही म्हणेन, की काकांनाच सांगायला लावेन? दिवसा जे बोलते ते रात्री पाळता येईल असं छातीवर हात ठेवून मला सांगता येत नाही.

सभेची नोटीस फ्लॅटच्या मालकांना जाते. फाटक ज्यांना रोज भेटतं, त्यांच्यातलं कुणी त्या खोलीत नसतं. मी अध्यक्षांना लेखी दिलं आहे की चौकीदारकाका आणि कामाला येणाऱ्या बायका यांना बोलवावं, मतदानाआधी त्यांचं ऐकावं, आणि संध्याकाळची वेळ बदलावी, कारण तेव्हा त्या बायका कुणाच्या तरी घरी पोळ्या करत असतात. अध्यक्षांनी कागद ठेवून घेतला आहे. वेळ बदलल्याचं अजून कळलेलं नाही.